अथेन्सहून बाबांना पत्र: ग्रीक देव ओळखायचे कसे

॥ श्री ॥

अथेन्स

तीर्थरूप बाबांस,
साष्टांग नमस्कार, वि. वि.

तुमचं पत्र आणि सोबतची यादी मिळाली. वाचनालयातल्या मुलांना दर रविवारी ग्रीक देवांच्या गोष्टी सांगायचं ठरवलंत, हे वाचून फार आनंद झाला. यादी दोनदा सावकाश वाचली. गोष्टी बरोबर आहेत, पण पात्रांची सरमिसळ झाली आहे. झ्यूस आणि ज्युपिटर हे दोन देव धरले गेलेत, हेराक्लीस आणि हर्क्युलिस हे दोन वीर, आणि सायरनच्या नावाखाली मासोळीच्या शेपटीची बाई आली आहे. दोष तुमचा नाही. बाजारातल्या पुस्तकांत हा गोंधळ असतोच. चित्रं दाखवताना मुलं पहिला प्रश्न विचारणार, "हा कोण, आणि कशावरून?" त्या प्रश्नाचं उत्तर तुमच्या हाती असावं म्हणून हे पत्र जरा लांबणार आहे.

आधी नावांचं बघू. रोमनांनी ग्रीक देव आपल्या देवांशी जुळवून घेतले, म्हणून एकेकाला दोन नावं आली. झ्यूस म्हणजे ज्युपिटर, हेरा म्हणजे ज्युनो, पोसायडन म्हणजे नेपच्यून, अथीना म्हणजे मिनर्व्हा, आर्टेमिस म्हणजे डायना, ॲफ्रोडाइटी म्हणजे व्हीनस, एरीस म्हणजे मार्स, हर्मिस म्हणजे मर्क्युरी, हेफेस्टस म्हणजे व्हल्कन, डायोनायसस म्हणजे बॅकस, डिमीटर म्हणजे सेरेस. अपोलो तेवढा दोन्हीकडे अपोलोच. गोष्ट ग्रीक असेल तर सगळी नावं ग्रीकच ठेवा. एकाच गोष्टीत हेरा आणि हर्क्युलिस आले की मुलांच्या डोक्यात घोळ झालाच म्हणून समजा. आणखी एक गंमत त्यांना जरूर सांगा. इथले लोक आज झ्यूसला "दिअस" म्हणतात, गुरू ग्रहालाही तेच नाव. ऋग्वेदातला द्यौस् आणि हा दिअस मुळात एकच शब्द. आपला द्यौष्पितर् आणि रोमनांचा ज्युपिटर ही जोडीही तशीच, दोन्हींचा अर्थ आकाशपिता.

तुम्ही बारा देवांची पक्की नावं मागितली आहेत. आकडा पक्का आहे, नावं पक्की नाहीत. अथेन्सच्या जुन्या बाजारपेठेत, आगोरात, इ.स.पू. ५२२-२१ मध्ये बारा देवांची वेदी बांधली गेली. शहरापासूनची अंतरं तिथून मोजत. आज तिचा बराचसा भाग पिरेअसला, म्हणजे अथेन्सच्या बंदराला, जाणाऱ्या रेल्वेमार्गाखाली आहे, एक कोपरा तेवढा उघडा दिसतो. बारावी जागा कधी चुलीची देवी हेस्टिया घेते, कधी डायोनायसस. पार्थेनॉनच्या, म्हणजे अथेन्समधल्या अथीनाच्या मोठ्या मंदिराच्या, पूर्वेकडच्या शिल्पपट्टीवर बसलेले बारा देव आहेत, त्यांत डायोनायसस आहे, हेस्टिया नाही. पाताळाचा राजा हेडीस मात्र झ्यूसचा सख्खा भाऊ असूनही बारांमध्ये सहसा धरत नाहीत. त्या पट्टीवर आणखी एक गोष्ट बघण्यासारखी आहे. देव बसलेले आहेत आणि माणसं उभी, तरी दोघांची डोकी एकाच पातळीला येतात. हे देव उठून उभे राहिले तर माणसांच्या कितीतरी वर जातील, हे न बोलता कळतं.

आता मूळ मुद्दा. आपल्याकडे मूर्ती ओळखायची तर आयुधं बघतात. विष्णूची चोवीस रूपं तर शंख, चक्र, गदा, पद्म कोणत्या हातात कोणत्या क्रमाने आहेत एवढ्यावरून वेगळी होतात, कारण शास्त्राने तो क्रम बांधून दिला आहे. ग्रीकांकडे असा बांधून दिलेला ग्रंथ नव्हता. कवी, कुंभार, शिल्पी आपापल्या गावच्या रीतीने चालत. म्हणून एका खुणेवर निकाल देऊ नये. निदान दोन खुणा जुळल्या पाहिजेत, तीन जुळल्या तर उत्तम. हे विसरलं की काय होतं, याचं सगळ्यात मोठं उदाहरण इथल्या राष्ट्रीय पुरातत्त्व संग्रहालयात उभं आहे.

युबिया बेटाच्या उत्तर टोकाला आर्टेमिसिऑन नावाचं भूशिर आहे. तिथल्या समुद्रात १९२६ मध्ये एका ब्राँझ पुतळ्याचा हात सापडला आणि १९२८ मध्ये उरलेला पुतळा वर काढला. उंची २.०९ मीटर, काळ इ.स.पू. ४६० च्या आसपास. दाढीवाला, अंगावर कपडा नाही, डावा हात समोर ताणून नेम धरलाय, उजवा हात मागे, काहीतरी फेकायच्या बेतात. आणि उजवी मूठ रिकामी! जे होतं ते समुद्रातच राहिलं. डोळ्यांच्या खोबणीही रिकाम्या आहेत, कारण डोळे वेगळ्या द्रव्याचे करून बसवलेले असत.

मुठीत वज्र असेल तर हा झ्यूस, त्रिशूळ असेल तर पोसायडन. चेहरा, दाढी, वय यांवरून काही ठरत नाही, दोघं भाऊच. पोसायडनच्या बाजूने पुरावा असा की दक्षिण इटलीतल्या पोसिडोनिया या ग्रीक शहराच्या नाण्यांवर पोसायडन अगदी ह्याच पवित्र्यात त्रिशूळ उगारून उभा आहे. झ्यूसच्या बाजूने असा की डोडोनासारख्या ठिकाणी सापडलेल्या लहान ब्राँझ मूर्तींत झ्यूस ह्याच पवित्र्यात वज्र फेकतो. मग निकाल कशावर? दांड्याच्या लांबीवर. त्रिशूळ लांब दांड्याचा. त्या उजव्या हातात तो आडवा धरला, की बाजूने बघणाऱ्याला दांडा थेट चेहऱ्यावरून गेलेला दिसेल. आणि हा पुतळा तर बाजूनेच बघण्यासाठी घडवलेला आहे. नाण्यावर एवढंसं चित्र असतं, तिथे हे खपून जातं. दोन मीटरच्या पुतळ्यात कसलेला शिल्पी असं करणार नाही. वज्र आखूड असतं, मुठीच्या दोन्ही बाजूंना जेमतेम वीतभर. म्हणून बहुतेक अभ्यासक झ्यूसकडे झुकतात, मलाही तेच पटतं. पण वाद मिटलेला नाही, आणि मुलांना तो तसाच सांगावा. त्यांना दोन बाजूंना बसवा, हातात एकदा वेळूची काठी द्या, एकदा लाटणं, आणि त्या पवित्र्यात उभं करा. काठी तोंडापुढे येते की नाही हे त्यांचं त्यांनाच दिसेल.

झ्यूसचं वज्र म्हणजे आकाशातली नागमोडी रेघ नव्हे. मडक्यांवरच्या चित्रांत ते दोन्ही टोकांना कमळाच्या कळीसारखं उमलतं आणि मधे धरायची जागा असते. इंद्राच्या वज्राची आठवण आल्याशिवाय राहत नाही. दुसऱ्या खुणा म्हणजे राजदंड आणि गरुड. पोसायडनच्या खुणा त्रिशूळ, डॉल्फिन किंवा दुसरा एखादा मासा, आणि घोडा. त्रिशूळ दिसला की मुलं शंकर म्हणणार, आणि समुद्राचा देव म्हटलं की वरुण. दोन्ही टाळा. हा त्रिशूळ मच्छीमारांच्या तीन टोकी भाल्याच्या कुळातला आहे. शिवाय पोसायडन नुसता समुद्राचा देव नाही, भूकंपही त्याचाच. होमर त्याला "धरणी हलवणारा" म्हणतो. इ.स.पू. ३७३ मध्ये हेलिके नावाचं शहर एका रात्रीत भूकंपाने आणि लाटेने गिळलं, तेव्हा लोकांनी पोसायडनचा कोप झाला असंच म्हटलं. त्याहून जुना पुरावा पायलॉसच्या राजवाड्यातल्या मातीच्या पाट्यांचा. त्यांवरची लिपी १९५२ मध्ये उलगडली. देवांना काय काय वाहिलं याच्या नोंदी त्यांत आहेत, आणि तिथे झ्यूसपेक्षा पोसायडनचा मान मोठा दिसतो.

अथीना ओळखायला सोपी वाटते. शिरस्त्राण, भाला, ढाल, घुबड. पण तिची सगळ्यात भरवशाची खूण वेगळीच आहे: खांद्यावरून छातीवर येणारं एजिस. ते कातड्याचं, कडेला सापांची झालर आणि मधोमध गॉर्गन या राक्षसिणीचं डोकं. शिरस्त्राण काढून ठेवलेलं असू शकतं. ऑलिम्पियाच्या एका शिल्पात ती चक्क अनवाणी खडकावर बसली आहे, डोकं उघडं. एजिस आहे म्हणूनच ती ओळखता येते. पार्थेनॉनमधली तिची मोठी मूर्ती फिडियसने केली आणि ती इ.स.पू. ४३८ मध्ये प्रतिष्ठापित झाली. सोनं आणि हस्तिदंताची ती मूर्ती आता नाही. तिच्यावरचं सोनं इतिहासकार थ्युसिडिडीस ४० टॅलंट सांगतो, म्हणजे साधारण एक टन. ते काढून घेता येईल अशा बेताने बसवलं होतं, कारण युद्धात गरज पडली तर वापरून नंतर परत भरायचं होतं. मूर्ती कशी होती हे कळतं ते १८८० मध्ये अथेन्समध्ये सापडलेल्या एक मीटरभर उंचीच्या संगमरवरी प्रतिकृतीवरून. उजव्या तळहातावर पंखवाली विजयदेवी, डाव्या बाजूला ढाल, ढालीआड साप.

इकडून येणाऱ्या पाहुण्यांबरोबर एक युरोचं नाणं पाठवते आहे. ग्रीसमध्ये पाडलेल्या एक युरोवर घुबड असतं, ते अथेन्सच्या इ.स.पू. पाचव्या शतकातल्या चार द्राख्मांच्या नाण्यावरून घेतलंय. मुलांना ते हातात घेऊन बघू द्या. घुबडाचं अंग बाजूने आहे, तोंड मात्र आपल्याकडे, आणि वरच्या कोपऱ्यात ऑलिव्हची डहाळी. जुनं नाणं चांदीचं, साधारण १७ ग्रॅमचं, हे साडेसात ग्रॅमचं. जुन्यावर अल्फा, थीटा, एप्सिलॉन ही तीन अक्षरंही असत, म्हणजे "अथेन्सवाल्यांचं". डहाळी का, तर शहर कोणाचं यावरून अथीना आणि पोसायडन यांच्यात स्पर्धा लागली होती. त्याने अक्रोपोलिसच्या, म्हणजे पार्थेनॉन आहे त्या टेकडीच्या, खडकावर त्रिशूळ मारून खारं पाणी काढलं, तिने ऑलिव्हचं झाड लावलं, आणि झाड जिंकलं. पार्थेनॉनच्या पश्चिम बाजूच्या त्रिकोणात हाच प्रसंग होता. दोन युरोच्या नाण्यावर बैलावर बसलेली युरोपा आहे, झ्यूसने बैलाचं रूप घेऊन पळवलेली राजकन्या. बैल म्हणजे झ्यूसच, म्हणून तिथे वज्र शोधत बसू नका.

हर्मिसची खूण म्हणजे दोन सापांचा वेढा असलेला दंड, पंखांचे जोडे आणि रुंद काठाची प्रवासी टोपी. तो दूत, वाटाड्या, व्यापाराचा देव. इथल्या मोठ्या बाजाररस्त्याचं नाव एर्मू, म्हणजे हर्मिसचा रस्ता. ह्या दंडाबद्दल एक चूक आपल्याकडेही सर्रास दिसते. डॉक्टरांच्या गाडीवर दोन सापांचा, पंखवाला दंड लावलेला असतो. तो हर्मिसचा. वैद्यांचा देव ॲस्क्लेपिअस, त्याच्या काठीला एकच साप आणि पंख नाहीत. जागतिक आरोग्य संघटनेच्या चिन्हावर तीच बरोबर काठी आहे. अमेरिकेच्या लष्करी वैद्यकीय विभागाने १९०२ मध्ये दोन सापांचा दंड घेतला, आणि त्यानंतर तो वैद्यकाचं चिन्ह म्हणून फार पसरला. व्यापाराच्या देवाचं चिन्ह दवाखान्यावर शोभत नाही, हे आपल्या डॉक्टरकाकांना माझ्यातर्फे नक्की सांगा.

बाकीच्यांचं थोडक्यात. अपोलो बिनदाढीचा, लांब केसांचा, हातात तंतुवाद्य किंवा धनुष्य, डोक्यावर लॉरेलची पानं. त्याची जुळी बहीण आर्टेमिस, धनुष्य, भाता आणि हरीण. धनुष्य दोघांकडे असतं, म्हणून एकट्या धनुष्यावर जाऊ नका. डायोनायसस म्हणजे आयव्हीच्या पानांची माळ, उंच कानांचा पेला, आणि टोकाला पानांचा झुबका असलेला दंड. हेफेस्टस लोहार, हातोडा आणि सांडशी. डिमीटरच्या हातात गव्हाच्या ओंब्या किंवा मशाल. ॲफ्रोडाइटीजवळ कबुतर, आरसा किंवा पंखवाला प्रेमदेव इरॉस. हेराला मुकुट आणि राजदंड, मोर तिच्या चित्रांत उशिरा आला. एरीस सगळ्यात अवघड, कारण तो नुसता शस्त्रधारी योद्धा दिसतो. शेजारी नाव लिहिलेलं नसेल तर त्याला ओळखल्याचा दावा करू नये.

हो, नावं लिहिलेली असतात. फ्लॉरेन्सला एक मोठं मद्यपात्र आहे, इ.स.पू. ५७० च्या सुमाराचं, ६६ सेंटीमीटर उंच. एर्गोटिमॉसने घडवलं, क्लाइटिआसने रंगवलं. त्यावर सुमारे २७० आकृत्या आणि शंभरावर लेख आहेत, बहुतेक नावंच. अशी भांडी म्हणजे आमची बाराखडी. त्यांवरून खुणा शिकायच्या आणि मग बिननावाच्या चित्रांना लावायच्या.

भांड्यांच्या फोटोंत मात्र एक मोठा फसवा भाग असतो. तांबूस मातीवर काळ्या आकृत्या असलेल्या भांड्यांत पुरुषांची कातडी काळी आणि बायकांची पांढरी, असा नेम होता. पांढरा रंग काळ्यावर वरून लावलेला असायचा आणि तो काळ्याइतका घट्ट बसत नाही. अडीच हजार वर्षांत तो बऱ्याचदा झडून जातो आणि खालचा काळा उघडा पडतो. मग अथीनाचा चेहरा काळा दिसतो आणि पुस्तकात तिच्याखाली "योद्धा" असं छापून येतं. उपाय सोपा आहे. डोळा बघा. पुरुषाचा डोळा गोल काढलेला असतो, बाईचा बदामी. काळ्या भागाला मंदपणा आला असेल, कडेला पांढऱ्याचे ठिपके राहिले असतील, तरी ती बाईच. इ.स.पू. ५३० च्या सुमारास रीत उलटली, जमीन काळी आणि आकृत्या मातीच्या रंगाच्या झाल्या. तिथे हा नेम चालत नाही.

आता हेराक्लीस, कारण मुलं त्याच्याचसाठी येणार. सिंहाचं कातडं, त्याचा जबडा टोपीसारखा डोक्यावर, पुढचे पंजे गळ्याशी गाठ मारलेले, हातात गदेसारखा लाकडी सोटा, शिवाय धनुष्य. कातडं का, हे पहिल्याच कामात आहे. नेमियाच्या सिंहाला शस्त्र लागत नव्हतं, म्हणून त्याने गळा आवळून मारला. मग कातडं सोलायचं कशाने? त्याच सिंहाच्या नखांनी.

कामं बारा, पण हिशेब गमतीचा आहे. अपोलोडोरसच्या नावावरच्या ग्रंथात युरिस्थियस राजाने मुळात दहाच सांगितली होती. आठ वर्षं आणि एक महिन्यात ती पुरी झाली. पण राजाने दोन बाद केली. हायड्रा मारताना पुतण्याची मदत घेतली म्हणून एक, आणि ऑजिअसचा गोठा साफ करताना मोबदला ठरवला म्हणून दुसरं. त्यांच्या बदल्यात हेस्पेरिडीसची सोन्याची सफरचंदं आणि पाताळातला कुत्रा सर्बेरस ही दोन वाढली.

हायड्राचं काम नीट क्रमाने सांगा, कारण पुढची सगळी शोकांतिका तिथे पेरली आहे. लेर्नाच्या दलदलीत राहणारी ती नऊ डोक्यांची नागीण. आठ डोकी मर्त्य, मधलं अमर. आधी पेटते बाण सोडून तिला बाहेर काढलं. एक डोकं ठेचावं तर तिथे दोन उगवत. वर एक मोठा खेकडा येऊन पायाला चावला, त्याला मारलं. मग पुतण्या आयोलेअसने जवळचं रान पेटवलं आणि जळती लाकडं घेऊन उभा राहिला. डोकं तुटलं की लगेच बुंधा डागायचा, म्हणजे नवीन फुटत नाही. अमर डोकं तोडून रस्त्याच्या कडेला जड शिळेखाली पुरलं. शेवटी अंग फाडून त्याच्या पित्तात बाण बुडवले. हे विसरू नका! पुढे नेसस नावाच्या सेंटॉरला, म्हणजे अर्ध्या माणूस अर्ध्या घोड्याला, त्याच बाणाने मारलं. मरताना नेससने आपलं रक्त हेराक्लीसच्या बायकोला, डेआनायराला, वशीकरण म्हणून दिलं. वर्षांनंतर तिने ते नवऱ्याच्या अंगरख्याला लावलं आणि हायड्राचं विष त्याच्याच अंगाला भिनलं. शेवटी इटा डोंगरावर त्याने स्वतःची चिता रचवली. स्वतःच्या बाणांचं विष फिरून स्वतःकडे आलं. महाभारतात वाढलेल्या मुलांना हे समजायला वेळ लागणार नाही.

ऑजिअसचा गोठा तर कोल्हापूरच्या मुलांना लगेच कळेल. हजारो गुरांचं शेण, मुदत एक दिवस. त्याने गोठ्याचा पाया फोडला, अल्फिअस आणि पेनिअस या नद्यांचं पाणी आत वळवलं आणि दुसऱ्या बाजूने वाट काढून दिली. दोन तोंडं हवीत हे महत्त्वाचं, नाहीतर शेण नुसतं तुंबलं असतं.

ऑलिम्पियाच्या झ्यूसमंदिरावर ही बाराही कामं बारा चौकटींत कोरली होती, इ.स.पू. ४७० ते ४५७ च्या दरम्यान. पहिल्या चौकटीत तो बिनदाढीचा पोरगा आहे, मेलेल्या सिंहावर पाय ठेवून, डोकं हातावर टेकून दमलेला. पुढे दाढी येते, तो थोराड होत जातो. सफरचंदांची चौकट मला सगळ्यात आवडते. एरवी आभाळ पेलणारा ॲटलास फळं आणायला गेला तेवढ्यात हेराक्लीसने आभाळ तोललंय, खांद्यावर दुमडलेली गादी घेतली आहे, अगदी आपला हमाल चुंबळ घेतो तशी. ॲटलास समोर दोन्ही हातांत सफरचंदं घेऊन उभा. मागे अथीना, एक हात वर करून आभाळाला सहज आधार देते आहे. त्याला दोन्ही हात आणि सगळी पाठ लागली, तिला एक तळवा पुरला.

सिंहाच्या कातड्यावरूनही फसगत होते. अलेक्झांडरच्या चांदीच्या नाण्यांवर सिंहमुख घातलेलं डोकं असतं, त्याला सगळे अलेक्झांडर समजतात. ते हेराक्लीसचं. मागच्या बाजूला आसनावर बसलेला, हातावर गरुड घेतलेला, तो झ्यूस. आणखी पूर्वेकडे आलात तर गांधारच्या काही शिल्पांत बुद्धाशेजारी उभा त्याचा रक्षक वज्रपाणी असंच सिंहाचं कातडं घालतो. बैलाशी झुंजणारा तरुण दिसला तर थांबा. कातडं आणि सोटा असेल तर क्रीटचा बैल जिवंत पकडणारा हेराक्लीस. तलवार असेल तर अथेन्सचा वीर थीसियस. बैल एकच आहे. हेराक्लीसने सोडून दिल्यावर तो मॅरेथॉनला गेला आणि थीसियसने त्याला मारलं. अंग माणसाचं आणि डोकं बैलाचं असेल तर तो मिनोटॉर, ती थीसियसचीच गोष्ट.

पर्सियस आणि हर्मिस यांची गल्लत पंखांच्या जोड्यांमुळे होते. हर्मिसकडे दंड, पर्सियसकडे विळ्यासारखं वाकडं पातं आणि काखेला पिशवी. विळा हर्मिसने दिला. जोडे, पिशवी आणि हेडीसची अदृश्य करणारी टोपी अप्सरांकडून आणली. तीन गॉर्गन बहिणींत मेड्युसा एकटीच मरणारी होती. तिच्याकडे बघितलं की दगड, म्हणून ढालीतल्या प्रतिबिंबाकडे बघत त्याने वार केला, हात अथीनाने धरला होता. डोकं शेवटी अथीनाला दिलं आणि ते तिच्या एजिसवर आलं, म्हणून वर मी गॉर्गन म्हटलं. मेड्युसाच्या मानेतून पेगॅसस हा पंखांचा घोडा निघाला. त्याच्यावर बसून कायमेराला मारणारा बेलेरोफॉन, पर्सियस नव्हे. तुमच्या यादीत हे उलट झालंय, तेवढं बदला.

गॉर्गन लांबूनही ओळखू येते. बाकी सगळे बाजूने काढलेले असतात, ती तोंड आपल्याकडे वळवते. दात सुळ्यांसारखे, जीभ बाहेर. कायमेरा म्हणजे सिंह, पाठीतून बकरीचं डोकं, शेपटी सापाची. अरेत्सो गावात १५५३ मध्ये सापडलेल्या ब्राँझ कायमेरात साप बकरीचं शिंग चावताना दिसतो, पण ती शेपटी अठराव्या शतकात जोडलेली आहे आणि बहुधा चुकीची. जोडलेले भाग हा कायमचा धोका आहे. सायरन म्हणजे बाईचं डोकं आणि पक्ष्याचं अंग, आपल्या किन्नरांच्या जवळची. मासोळीची शेपटी तिला मध्ययुगात चिकटली. ग्रीक स्फिंक्स बाई आणि पंखवाली, इजिप्तची बिनपंखांची. सॅटरला घोड्याचे कान आणि शेपूट, पॅनला बकऱ्याचे पाय आणि शिंगं. सेंटॉरांत कायरॉन वेगळा. तो अंगात कपडा घालतो, पुढचे पाय माणसाचे असतात, आणि तो वीरांचा गुरू.

आता तुम्हाला करायचं काम. मुलांना फोटोंवर थांबवू नका, टाऊन हॉल म्युझियममध्ये घेऊन जा. पंचगंगेकाठच्या ब्रह्मपुरीच्या टेकाडातून निघालेली पोसायडनची ब्राँझची लहान मूर्ती आपल्याच गावात आहे. सातवाहनांच्या काळात रोमन जगाशी चालणाऱ्या व्यापारातून ती तिथवर आली. मूर्ती समोर आली की नाव सांगू नका. आधी दाढी आहे का बघायला लावा. मग कोणता हात वर आणि कोणता खाली. वरच्या हाताची बोटं कशी मिटली आहेत, आणि मुठीत आरपार जागा आहे का. ती उभी असेल तर जमिनीवर टेकवलेला लांब दांडा, म्हणजे त्रिशूळ किंवा राजदंड. आडवी असेल तर फेकायचं शस्त्र. धातूच्या वस्तू वेगळ्या करून बसवायची रीतच होती, पार्थेनॉनच्या घोड्यांनाही ब्राँझच्या लगामांसाठी पाडलेली भोकं अजून दिसतात. खालचा तळवा उताणा असेल तर त्यावर काय असू शकेल ते विचारा. भार कोणत्या पायावर आहे, तेही. हे सगळं त्यांच्याकडून वहीत उतरवून घ्या, शक्यतो चित्रासह, आणि मगच "झ्यूस की पोसायडन" हा प्रश्न टाका. काच असेल तर मोबाइलचा फ्लॅश बंद ठेवा, नाहीतर नेमकी मूठच चमकून जाते. एका बाजूने एक, समोरून एक, आणि मुठीचा जवळून एक असे तीन फोटो मला पाठवा.

आईला सांगा, चटणीचं पार्सल पोचलं, डबा फुटला नव्हता. तिला आणि आजीला नमस्कार. छोट्यांना गोड पापा. मुलांनी काय लिहिलं ते सगळंच्या सगळं कळवा, चुकलेलंसुद्धा. उत्तराची वाट बघते.

कळावे, लोभ आहेच.

तुमची,
मनू